तुम्ही विचारलंत म्हणून: मोठा रोल का नाही मिळाला?

नाशकात रविवार कारंजावर भाजी घेताना असो की कालिदास नाट्यगृहाच्या पायऱ्यांवर, कुणीतरी हटकतंच, "काय हो, इतकी वर्षं पिक्चरमध्ये दिसताय, मोठा रोल का नाही मिळाला?" मी "नशीब" म्हणून हसतो. ३६ वर्षं झाली, किती हसायचं.

हवालदार झालो, तलाठी झालो, मुलीचा बाप तर इतक्यांदा की खऱ्या मुलीच्या लग्नात फोटोग्राफर म्हणाला, काका, कॅमेऱ्याकडे बघून रडू नका. रात्रीच्या एसटीने कसारा घाट उतरायचा, सकाळी फिल्मसिटीत मेकअपला बसायचं, चेक ९० दिवसांनी. आला तर. तक्रार नाही. म्हणजे आहे, पण तुम्हाला वाटते ती नाही.

एकदा मला दोन पानांचा सीन मिळाला होता, शेत विकणारा बाप, सलग बोलायचं. कट झाल्यावर स्पॉटदादाने न मागता चहा आणून दिला. सेटवर काम केलेल्यालाच कळेल हे काय असतं ते. रिलीजला घरचे १४ जण घेऊन गेलो, तिकिटं माझी. सीन आला, मी तोंड उघडलं आणि आतून भलताच माणूस बोलला. खर्जातला, घोटीव आवाज. डोळे माझे, ओठ माझे. मागे भाचे रडत होते, बायको ताठ बसलेली, आणि आई अंधारात कानाशी लागली, "तेव्हा सर्दी झालती का रे?" मी हो म्हणालो.

सगळ्यांना सांगितलं, डबिंगला बोलावलंच नाही. खोटं. फोन आला होता, ऑफिसात. शुक्रवारी या म्हणाले. मी म्हटलं मार्चएंड आहे, सुट्टी नाही मिळणार. मागितलीच नव्हती मी. एकदा मागितली की दर वेळी मागावी लागेल, मग नोकरी, घराचे हप्ते, ते काय खोटे होते? तेव्हाचा मी म्हणतो बरोबर केलं. अरे पण विचारायला काय झालं होतं तुला?

वर लोक म्हणतात, आपण दादासाहेब फाळक्यांच्या गावचे. हो ना. १९१३ साली त्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती झालेले साळुंके हॉटेलात कामाला होते, पुढे १९१७ मध्ये 'लंका दहन'मध्ये तेच राम अन् तेच सीता. मी म्हणतो त्यांचं बरं, मूकपट होता, आवाजाचा प्रश्नच नाही. पण ते हॉटेल सोडून आले होते, हे मी कुणाला सांगत नाही.

तो पिक्चर टीव्हीवर लागला की बायको अजून डिरेक्टरच्या नावाने बोटं मोडते, आणि मी मोडू देतो.