सोळा पायऱ्या

आज पोर्ट लुईला आप्रवासी घाटावर जाऊन आलो. समुद्राकडून वर येणाऱ्या दगडी सोळा पायऱ्या. १८३४ पासून जवळपास साडेचार लाख गिरमिटिये, म्हणजे करारावर आणलेले मजूर, हिंदुस्थानातून मॉरिशसला आले, ऊस पिकवायला. भोजपुरी, तमिळ, तेलुगू बोलणारे, आणि आपल्या कोकणातलेसुद्धा. मी पायरीवर हात ठेवला आणि बराच वेळ उठवेना.

पण यांच्याही आधीची माणसं मला आज जास्त छळतायत. हे बेट तसं निर्मनुष्य होतं. १५९८ मध्ये डच आले, १७१५ मध्ये फ्रेंचांनी ताबा घेतला, १८१० मध्ये इंग्रजांनी. मादागास्कर, मोझांबिकहून माणसं गुलाम म्हणून आणली गेली. १८३५ मध्ये गुलामगिरी कायद्याने संपली, तेव्हा भरपाई मिळाली ती मालकांना! जन्मभर राबलेल्यांना दमडीही नाही. वर आणखी काही वर्षं 'शिकाऊ' म्हणून त्याच मालकांकडे राबायचं. काय शिकायचं राहिलं होतं त्यांचं? मळ्यातून पळालेले ल मॉर्नच्या कड्यावर लपायचे. तो डोंगर उद्या पाहायचाच आहे.

घाटावर एक मराठी आजी भेटल्या. बोलणं क्रिओलमध्ये, म्हणजे फ्रेंचवरून घडलेल्या इथल्या बोलीत, अधूनमधून मराठी शब्द. गणपतीच्या आरत्या मात्र तोंडपाठ. "तुमचं गाव कुठलं?" मी विचारलं. "रत्नागिरी," म्हणाल्या. त्यातलं नेमकं गाव त्यांच्या घरात कुणालाच आठवत नाही. मग त्यांनी माझं गाव विचारलं, आणि मी सांगितलेलं नाव दोनदा म्हणून पाहिलं.