ढगाला किती पानं लागतात

ढग जलरंगात रंगवायचे आणि शेवटी त्यांचं घडीचं पुस्तक करायचं, त्याबद्दल हे. ढग रंगवायला बसलेला माणूस सर्वांत आधी पांढऱ्या रंगाची ट्यूब पिळतो आणि तिथंच फसतो. जलरंगात ढग रंगवायचा नसतोच. त्याच्या भोवतीचं आभाळ रंगवायचं आणि ढगाची जागा कोरी सोडायची. कागदाचा पांढरेपणा हाच त्याचा उजेड. फार तर पुढे त्याच्या पोटात थोडी सावली टाकायची. वरून पांढरा गवाश, म्हणजे अपारदर्शक जलरंग, थापला की तो जाड, थंड आणि खडूसारखा दिसतो. मास्किंग फ्लुइडनं, म्हणजे लावून नंतर सोलून काढायच्या रबरी द्रवानं, जागा राखली तर कड इतकी कातरीव येते की ढग वर्तमानपत्रातून कापून चिकटवलाय असं वाटावं.

आपल्याकडचे पहाडी, म्हणजे हिमालयाच्या पायथ्याशी लघुचित्रं काढणारे, चित्रकार मात्र नेमके उलट्या वाटेनं गेले, हेही सांगायला हवं. ते अपारदर्शक रंगात काम करत; कागदावर कागद चिकटवून केलेली वसली, तिच्यावर घोटून गुळगुळीत केलेले थर. आधी निळसर काळा मेघ भरायचा, मग त्याच्यावर सफेद्यानं बगळ्यांची रांग आणि सोन्यानं नागमोडी वीज. कालिदासाच्या ‘मेघदूता’तली बलाका, म्हणजे हीच बगळ्यांची रांग, तिथं ढगाच्या वर येते, ती कोऱ्या सोडलेल्या कागदातून निघत नाही. दोन्ही पद्धती बरोबर आहेत. फक्त एका चित्रात दोन्ही वापरू नयेत.

जलरंगात सगळा खेळ कागदावरच्या पाण्याचा. कागद १०० टक्के कॉटनचा, ३०० जीएसएमचा (म्हणजे चौरस मीटरला ३०० ग्रॅम वजनाचा) घ्यावा. २०० जीएसएमचा कागद ओला झाला की फुगून लाटा धरतो, लाटांच्या खळग्यांत रंग साचतो आणि आभाळाला विनाकारण डबकी पडतात. लगद्याचा स्वस्त कागद झाडं-घरं काढायला चालतो, पण आभाळाला लागतो तेवढा वेळ ओला राहत नाही. कागद बोर्डावर चारी बाजूंनी टेपनं चिकटवावा, बोर्डाच्या वरच्या कडेखाली दोनेक इंचांचा आधार द्यावा आणि रुंद ब्रशनं स्वच्छ पाणी फिरवावं. मिनिटभर थांबून पुन्हा फिरवावं. पहिलं पाणी कागद पितो, दुसरं वर राहतं. मग हात आवरून कागदाकडे तिरकं बघत बसायचं. सुरुवातीला पाणी लखलखतं. तेव्हा रंग लावला तर तो वाटेल तिथं पळतो आणि पाच मिनिटांनी ढगाचा मागमूस राहत नाही. थोड्या वेळानं ती चमक मवाळ होते. कागद ओला दिसतो, पण त्यात खिडकीचं प्रतिबिंब दिसत नाही. हीच वेळ. रंगाची कड आता थोडी पसरते आणि थांबते. चमक पूर्ण गेल्यावर ब्रश लावाल तर कडा कडक येतील.

यात बिघडतं ते बहुतेक एकाच कारणानं: ब्रशमध्ये कागदापेक्षा जास्त पाणी असणं. अर्धवट वाळलेल्या वॉशवर, म्हणजे रंगाच्या पातळ थरावर, असा ब्रश टेकला की नवं पाणी रंगाचे कण ढकलत बाहेर नेतं आणि जिथं थांबतं तिथं त्यांची करवती कड सोडतं. चित्रकार याला कॉलीफ्लॉवर म्हणतात. म्हणून दुसऱ्या हातात जुन्या बनियनचा तुकडा हवाच. रंग घेतल्यावर ब्रशचं पोट त्यावर एकदा टेकवायचं, मग कागदाकडे जायचं.

रंग तीन पुरतात, चौथा आला की चिखल. आभाळाच्या वरच्या भागाला कोबाल्ट ब्लू, खाली क्षितिजाकडे त्याचंच पाणी वाढवत न्यायचं. सावलीसाठी अल्ट्रामरीन आणि बर्न्ट सिएना. तपकिरी किंचित जास्त ठेवली तर दुपारचा उबदार करडा मिळतो, निळा जास्त ठेवला तर पाऊस. हे करडे मिश्रण कागद ओला करण्याआधी तयार हवं. नंतर पॅलेटवर घोळत बसलात तर ती मवाळ चमक निघून जाते. शिवाय जलरंग वाळल्यावर फिका पडतो, त्यामुळे ओला असताना ‘जरा जास्तच झालं’ असं वाटलं पाहिजे. पण किती गडद? डोळे किलकिले करून समोर पाहावं. पांढऱ्या पुंजक्या ढगाची सावली जमिनीवरच्या झाडाइतकी गडद जवळजवळ कधीच नसते. नवशिक्याचे ढग दगडासारखे जड होतात ते यामुळे.

आता आपल्या हवेचं दुखणं. परदेशी पुस्तकांत ‘दहा मिनिटं थांबा’ असं लिहिलेलं असतं, ते दहा मिनिटं कुठली? मे महिन्यात नागपूरला पंख्याखाली कागद रंग मिसळेपर्यंत वाळतो. जुलैत रत्नागिरीला तोच कागद चहा पिऊन आलं तरी ओलाच. म्हणून घड्याळ बाजूला ठेवून चमकेकडे बघायचं. घाई झाली म्हणून हेअर ड्रायर लावला तर हवेच्या झोतानं ओला रंग ढकलला जातो आणि आभाळात सुरकुत्या उमटतात. पावसाळ्याची आणखी एक खोड म्हणजे कागदाच्या आतलं सायझिंग, म्हणजे पाणी एकदम शोषू न देणारी खळ. ते दमट हवेत खराब होतं. मग रंग ठिकठिकाणी टीपकागदासारखा आत शोषला जातो आणि स्वच्छ वॉशमध्ये गडद ठिपके उठतात. असा कागद दुरुस्त होत नाही, त्यावर पेन्सिलीनं काम करावं. उरलेला कागद जाड प्लास्टिकच्या पिशवीत, सिलिका जेलच्या पुड्या टाकून ठेवावा.

टिश्यूनं रंग टिपून ढग उमटवण्याची युक्ती सगळ्यांना माहीत असते आणि तिचा अतिरेकही सगळेच करतात. दोन गोष्टी सांभाळाव्यात. एक, प्रत्येक टिपणीला टिश्यूची कोरी बाजू. नाहीतर आधी उचललेला निळा परत कागदावर बसतो. दुसरी, प्रशियन किंवा थॅलो ब्लू वापरला असेल तर ही युक्ती विसरा, ते रंग कागदाला धरून बसतात. कोबाल्ट आणि अल्ट्रामरीन बऱ्यापैकी उचलले जातात. आणि टिपलेला ढग चोहोबाजूंनी सारखाच मऊ दिसतो, हा या युक्तीचा खरा दोष. खऱ्या पुंजक्या ढगाला उन्हाकडची वरची कड ठाशीव असते आणि खालची विरघळलेली. तेवढ्या एका ठाशीव कडेसाठी कागदाचा तो भाग कोरडा ठेवावा लागतो, म्हणजे पाणी फिरवतानाच ढग कुठं असणार हे ठरलेलं असावं लागतं.

शाळेत काढलेल्या ढगांना वर-खाली सारखेच गोलवे असायचे. प्रत्यक्षात पुंजक्या ढगाचा तळ सपाट असतो आणि त्या वेळच्या आभाळातल्या बहुतेक पुंजक्यांचा तळ जवळपास एकाच उंचीवर असतो. तापलेली हवा वर चढताना दर किलोमीटरला सुमारे १० अंशांनी थंड होते. ठरावीक उंचीवर तिच्यातली वाफ थेंब धरू लागते, तिथं ढगाचा तळ. ही उंची काढायचा ढोबळ हिशेब सोपा आहे: तापमान आणि दवबिंदू (ज्या तापमानाला हवेतली वाफ थेंब धरू लागते ते) यांतल्या फरकाला १२५ नं गुणा, उत्तर मीटरमध्ये. मुंबईत पावसाळ्यात तापमान ३० आणि दवबिंदू २६ असेल तर तळ ५०० मीटरवर. विदर्भात मे महिन्याच्या दुपारी ४२ आणि १८ असेल तर ३००० मीटरवर. म्हणून कोकणातून पाहताना सह्याद्रीचा माथा ढगात बुडालेला दिसतो, आणि नागपूरच्या मे महिन्यातले ढग मात्र लहान आणि दूर. चित्रात पावसाळी सह्याद्री काढून त्याच्या कितीतरी वर पांढरे पुंजके तरंगत ठेवले, तर काहीतरी खटकतं. बघणाऱ्याला कारण सांगता येत नाही, एवढंच.

सगळे तळ एकाच पातळीवर म्हटल्यावर त्यांना परस्पेक्टिव्हही लागू पडतो. डोक्यावरचा ढग मोठा, त्याचा तळ दिसतो; क्षितिजाकडे जाताना ढग लहान, चपटे, एकमेकांच्या जवळ आणि रंगानं पिवळट होत जातात. आभाळ म्हणजे मागचा पडदा नव्हे, आपल्या डोक्यावरून पलीकडे जाणारं छत आहे. एवढं कळलं तरी निम्मं चित्र सुधारतं.

ढगांना प्रकारवार नावं मिळाली ती लंडनच्या ल्यूक हॉवर्डमुळे. धंद्यानं तो औषधी रसायनं बनवणारा. १८०२ च्या डिसेंबरमधल्या व्याख्यानात त्यानं सिरस, क्युम्युलस, स्ट्रेटस, निंबस ही लॅटिन नावं मांडली. जर्मन कवी गटे त्यावर इतका खूश झाला की त्यानं हॉवर्डवर कविता लिहिली. मला मात्र या गोष्टीतला जवळचा माणूस वाटतो तो इंग्लिश निसर्गचित्रकार जॉन कॉन्स्टेबल. बापाच्या धान्य दळायच्या गिरण्या, पवनचक्कीसुद्धा, त्यामुळे वाऱ्याकडे बघायची सवय घरातूनच. १८२१ आणि १८२२ साली लंडनजवळच्या हॅम्पस्टेडच्या टेकडीवर त्यानं कागदावर तैलरंगात आभाळाचे ढीगभर अभ्यास केले. त्यांतल्या बऱ्याच चित्रांत झाड नाही, जमीन नाही, नुसतं आभाळ. पण खरी गंमत त्यांच्या पाठीवर आहे. तारीख, वेळ, तोंड कुठल्या दिशेला, वारा कुठला. १८२२ च्या सप्टेंबरमधल्या एका अभ्यासामागे लिहिलंय की दुपारचे बारा, तोंड आग्नेयेला, वारा जोराचा, ढग फार वेगानं सरकताहेत आणि मधूनच निळ्याच्या लख्ख फटी उघडताहेत. पुढून चित्र, मागून नोंदवही. सुटा ढग कितीही देखणा असला तरी तो कशातून झाला आणि कशात गेला हे फ्रेममध्ये मावत नाही, हे त्या पाठीवरच्या ओळी वाचताना फार जाणवतं.

फोटोवाल्यांना तर सुरुवातीला ढग मिळतच नव्हते. निगेटिव्हच्या जुन्या काचा निळ्या प्रकाशाला इतक्या संवेदनशील होत्या की जमीन नीट येईस्तोवर आभाळ पार पांढरं पडे. १८५० च्या दशकात फ्रेंच छायाचित्रकार गुस्ताव ल ग्रे यानं समुद्राची एक आणि आभाळाची दुसरी अशा दोन निगेटिव्ह जोडून हा पेच सोडवला. पुढे १९२२ पासून अमेरिकेच्या आल्फ्रेड स्टिग्लिट्झनं ढगांचे फोटो काढले ते मालिका म्हणूनच, पुढेपुढे तर बहुतेक क्षितिज वगळून. आणि इटलीच्या लुइजी गिरीनं १९७४ साली रोज एक याप्रमाणे आभाळाचे ३६५ फोटो घेतले. या सगळ्यांनी पुस्तकाच्या दिशेनंच पाऊल टाकलं होतं असं माझं मत. एका ढगाला एक भिंत पुरत नाही, त्याला पानं लागतात.

त्यासाठी घडीपुस्तकासारखं, म्हणजे लांब पट्टीला मागेपुढे घड्या घालून केलेल्या पुस्तकासारखं, दुसरं काही नाही. अमेरिकी चित्रकार एड रुशानं १९६६ साली लॉस एंजेलिसमधल्या सनसेट स्ट्रिप या रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या इमारती सुमारे साडेसात मीटर लांबीच्या घडीपुस्तकात बसवल्या. आपल्याला सव्वादोन मीटर पुष्कळ झाले. ५६ बाय ७६ सेंटिमीटरचा पूर्ण ताव घ्या. त्यातून १८ सेंटिमीटर उंचीच्या, ७६ लांबीच्या तीन पट्ट्या निघतात. प्रत्येकीवर १५ सेंटिमीटरची पाच पानं आणि वर एक सेंटिमीटर जोडासाठी. कापण्याआधी कागदाचा ग्रेन, म्हणजे तंतूंची दिशा, तपासा: ताव न मोडता दोन्ही दिशांनी हलका वाकवून पाहा, जिकडे वाकवताना तो कमी अडतो, त्या वाकेच्या रेघेची दिशा ग्रेनची. घडी ग्रेनला समांतर हवी, म्हणजे या मापात ग्रेन ५६ च्या बाजूनं. उलटा असेल तर घडीवर तंतू तुटतात आणि निळ्या आभाळात पांढरी फाटकी रेघ उठते. तसं असेल तर पट्ट्या आडव्या काढा: ५६ लांबीच्या चार, प्रत्येकीवर १८ ची तीन पानं आणि दोन सेंटिमीटर जोडाला.

आधी रंगवायचं, मग घडी घालायची. घडीची रेघ आधी दाबली तर वॉश त्या खाचेत साचून दर १५ सेंटिमीटरवर एक काळी उभी काठी तयार होते. पण घडी कुठं येणार हे टेपवर पेन्सिलीनं खुणावून ठेवा आणि मोठा ढग मुद्दाम त्या खुणेवरून जाऊ द्या. पान उलटताना तो मोडून पुढे सरकतो, तीच या पुस्तकाची मजा. निळा वॉश तिन्ही पट्ट्यांना पुरेल इतका एकाच वाटीत कालवा. दुसऱ्या दिवशी तोच रंग पुन्हा कालवता येत नाही, जोडावर आभाळाचा धागा तुटलेला दिसतोच. वाळल्यावर पोलादी पट्टी आणि बोन फोल्डर (घडी दाबायची बोथट पट्टी) घेऊन रेघ दाबा. आत जाणारी घडी पुढून, बाहेर येणारी मागून. जोड मागच्या बाजूला, घडीत लपवा.

दोन मिलिमीटरच्या पुठ्ठ्याचं कव्हर पुरतं. पुठ्ठ्याला एकाच बाजूनं कापड चिकटवलं तर वाळताना ते त्याला आपल्याकडे ओढतं आणि कव्हर वाकतं. आतून अस्तराचा कागद लागला की ओढ फिटते. बाइंडरकडची मैद्याची खळ स्वस्त आणि छान, पण पावसाळ्यात तिला बुरशी येते, झुरळंही येतात. म्हणून जुने बाइंडर तिच्यात मोरचूद घालत. चित्राच्या कागदाला मोरचूद मानवत नाही. इथं फेविकॉलच बरा, पाण्यानं थोडा सैल केलेला. रात्रभर वजनाखाली ठेवा.

आणि प्रत्येक पानामागे पेन्सिलीनं लिहा: तारीख, वेळ, दिशा, वारा. पेननं नको, शाई पुढे फुटते.

प्रती छापायच्या असतील तर खरा त्रास तिथं सुरू होतो. स्कॅनरचं ऑटो सेटिंग ढगाच्या फिक्या करड्या सावल्या ‘मळ’ समजून उडवून टाकतं. ते बंद करायला सांगा. अल्ट्रामरीन चार रंगांच्या छपाईत तसाच्या तसा येत नाही, एकतर मंद पडतो किंवा जांभळ्याकडे झुकतो. कागद पिवळसर नॅचरल शेडचा निवडलात तर दुपारचे ढग संध्याकाळचे होतात, कारण छपाईतही पांढरं म्हणजे कागदच. त्यामुळे प्रूफ, म्हणजे छपाईचा नमुना, मागायचं ते ज्या कागदावर छापणार त्याच कागदावर. छापखानेवाला ‘साहेब, स्क्रीनवर बघा ना, सेमच येणार’ म्हणेल. हो म्हणू नका.