वरुण, राफेल आणि माझगावची पाणबुडी

वास्कोला मावशीकडे राहायला गेलं की सकाळच्या झोपेची वाट लागते. दाबोळीवरून नेव्हीचं मिग-२९के उठलं की खिडकीच्या काचा थरथरतात आणि मावशी शांतपणे चहा गाळत असते, तिला सवय झालीये. ही विमानं समुद्रातल्या बोटीवरही उतरतात हे माझ्या डोक्यात फार उशिरा शिरलं, आणि मग मला वरुण सरावाचं वेडच लागलं.

वरुण म्हणजे भारत-फ्रान्स नौदलांचा सराव, १९९३ पासून चालू आहे, हे नाव २००१ मध्ये पडलं. मार्च २०२५ मध्ये, १९ ते २२ तारखेला, अरबी समुद्रात आपली विक्रांत आणि त्यांची शार्ल द गोल अशा दोन्ही विमानवाहू नौका एकत्र उतरल्या. आपण असल्या बातमीतला फोटो बघतो, लाईक मारतो आणि पुढे स्क्रोल करतो.

पण खरी मजा फोटोत दिसतच नाही. दोघींची लांबी साधारण सारखीच, २६० मीटरच्या आसपास, पण विमान उडवायची तऱ्हा एकदम वेगळी. शार्ल द गोलवर वाफेचं कॅटापल्ट आहे, गोफणीतून दगड भिरकावतात तसं ते विमान भिरकावून देतं, आणि ती वाफ येते अणुभट्टीच्या जिवावर कारण बोटच अणुऊर्जेवर चालते. विक्रांतवर तसलं काही नाही, डेकचं पुढचं टोक वर वळवलंय, पायलटने फुल पॉवर द्यायची आणि त्या चढावरून हवेत उडी घ्यायची, बस. उतरताना मात्र दोन्हीकडे सेम, शेपटीखालचा हुक डेकवरच्या तारेत अडकला पाहिजे, नाही अडकला तर तसंच परत वर.

तर या सरावात त्यांचं राफेल-एम, म्हणजे राफेलचं बोटीवरून उडणारं रूप, आणि आपलं मिग-२९के खोटीखोटी लढाई खेळले. त्यानंतर सव्वा महिन्यात, २८ एप्रिलला, आपण २६ राफेल-एमचा करार केला. एकदम ठरलेलं नव्हतं हं ते, २०२२ च्या जानेवारीतच राफेल दाबोळीच्या आयएनएस हंसा या नेव्हीच्या विमानतळावर येऊन जमिनीवर बांधलेल्या चढावरून उडून गेलं होतं, कॅटापल्टवाल्या विमानाला आपला उतार, सॉरी चढ, झेपतो का बघायला.

मला मात्र सगळ्यात भारी वाटली ती पाणबुडी. पाणबुडी शोधायचा सरावही होता आणि आपल्याकडून उतरली होती स्कॉर्पीन, म्हणजे डिझाईन फ्रान्सचं आणि बांधली आपल्या माझगाव डॉकमध्ये. म्हणजे फ्रेंच लोक अरबी समुद्रात स्वतःच्याच नकाशावरून बनलेली, मुंबईत वेल्डिंग झालेली पाणबुडी हुडकत फिरत होते!! हार्बर लाईनवर डॉकयार्ड रोड आलं की आजकाल मी मोबाईल खाली ठेवून डॉकच्या बाजूला बघते, शेजारच्या बायकांना वाटतं हिचं कुणीतरी उतरणारे इथे.