दुरुस्ती अर्जातील ‘नजरचुकीने’

वादपत्राच्या, म्हणजे वादीने दाव्यात दिलेल्या मूळ लेखी कथनाच्या, दुरुस्तीचा अर्ज लिहावयास घेतला की आमच्या तालुका न्यायालयातील बहुतेक वकिलांच्या लेखणीतून एक वाक्य आपोआप उतरते: ‘सदर मजकूर नजरचुकीने लिहावयाचा राहून गेला आहे.’ मीही ते अनेक वर्षे लिहीत आलो. न्यायालयाने वादाचे मुद्दे काढण्यापूर्वीच्या अर्जात ते बहुधा चालून जाते. परंतु पुराव्याचे शपथपत्र दाखल झाल्यानंतर हेच वाक्य पक्षकाराच्या मुळावर येते, हे मला बांधाच्या एका दाव्यात कळले.

त्या वादपत्रात चतुःसीमा लिहिताना पूर्वेचा गट नंबर पश्चिमेस आणि पश्चिमेचा पूर्वेस पडला होता. मिळकतीचे वर्णन चुकीचे असल्याचे प्रतिवादीने कैफियतीत, म्हणजे आपल्या लेखी उत्तरात, म्हटले होते. ती नेहमीची नाकबुली समजून आम्ही पुढे गेलो. वादीच्या उलटतपासात चूक उघड झाली, तेव्हा मी घाईने अर्ज दिला. न्यायाधीशांनी एवढेच विचारले, “कैफियत केव्हा दाखल झाली?” त्याला तीन वर्षे होऊन गेली होती. अर्ज नामंजूर झाला. बाहेर आल्यावर पक्षकार म्हणाले, “वकीलसाहेब, जमीन तर जागेवरच आहे, मग कागद का दुरुस्त होत नाही?”

त्यांचा प्रश्न रास्त होता. दिवाणी प्रक्रिया संहितेतील दुरुस्तीविषयीच्या आदेश ६ नियम १७ चा मूळ हेतू वादातील खरा प्रश्न निकाली निघावा हाच आहे, आणि समोरच्या पक्षावर अन्याय होत नसेल तर दुरुस्ती द्यावी, हे मुंबई उच्च न्यायालयाने १९०९ मध्येच किसनदास रूपचंद प्रकरणात सांगितले, ज्यावर सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये शिक्कामोर्तब केले. मात्र १९९९ च्या कायद्याने हा नियमच वगळावयाचे ठरले होते. वकीलवर्गाच्या विरोधानंतर तो राहिला, पण १ जुलै २००२ पासून एका परंतुकासह, म्हणजे जोडलेल्या अटीसह. चौकशी, म्हणजे दाव्याची प्रत्यक्ष सुनावणी, सुरू झाल्यावर दुरुस्ती मागणाऱ्याने, योग्य ती दक्षता घेऊनही ही बाब आधी मांडता आली नाही, हे न्यायालयास पटवावे लागते. सरतपासणीचे (पुराव्याचे) शपथपत्र दाखल होताच चौकशी सुरू झाली, असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये विद्याबाई प्रकरणात मानले. ‘नजरचूक’ म्हणजे दक्षता घेतली नव्हती याचीच लेखी कबुली. म्हणून चूक कोणत्या तारखेस, कोणत्या कागदावरून समजली आणि आधी का समजू शकली नाही, हे अर्जातच यावयास हवे. माझ्या अर्जात यातील एकही ओळ नव्हती.

उच्च न्यायालयाने पुढे खर्चाच्या अटीवर दुरुस्ती मंजूर केली, कारण दाव्याचे स्वरूप बदलत नव्हते. न्यायालयाच्या आदेशात मुदत नसेल तर संहितेच्या आदेश ६ नियम १८ प्रमाणे १४ दिवस मिळतात आणि ते चुकले तर मुदतवाढीशिवाय दुरुस्ती करता येत नाही, म्हणून खर्च भरल्याच्या दिवशीच निशाणी १ वर, म्हणजे मूळ वादपत्रावर, दोन्ही गट नंबर बदलून समासात आदेशाची तारीख लिहिली व सही केली. पक्षकार शेजारी उभे राहून दोन्ही आकडे मोठ्याने वाचत होते.