भोंग्याची वेळ

माझ्या भाच्याने शाळेच्या विज्ञानकथा स्पर्धेसाठी एक यंत्र काढलंय. नाव 'कालवाकड्या'. प्रचंड ऊर्जा आणि ध्वनिलहरी एकदम सोडल्या की वेळ वाकते, आणि वाकलेल्या वेळेत तासाभराचा अभ्यास पाच मिनिटांत उरकतो. नायक सांगलीचाच, विश्रामबागेत राहणारा. यंत्र त्याच्या हाती येतं ते नेमकं गणिताच्या पेपराच्या आदल्या रात्री. पुढचं सांगायला नको.

कल्पना अगदीच हवेतली नाही. आइन्स्टाइनने १९१५ साली पूर्ण केलेल्या सापेक्षतेच्या सिद्धांतात वस्तुमान आणि ऊर्जा दोन्ही काळाला वाकवतात. फोनवर रस्ता दाखवणाऱ्या जीपीएस उपग्रहांतली घड्याळं पृथ्वीपासून दूर असल्याने दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद (सेकंदाचे दहा लाखावे भाग) पुढे पळतील, म्हणून ती आधीच जुळवून ठेवावी लागतात. घोडं अडतं ते आवाजापाशी. आपल्या साध्या बोलण्यात जेमतेम १० मायक्रोवॅटची ताकद असते. एवढ्यावर कपभर चहाचं पाणी उकळायचं तर एका माणसाला न थांबता दीडशे वर्षं बोलावं लागेल. आमच्या कट्ट्यावर तसे उमेदवार आहेत, पण काळ काही त्यांनाही वाकायचा नाही.

तरी ऊर्जा आणि आवाज वापरून वेळेला हवं तसं वळवणारं एक यंत्र आपल्या जिल्ह्यात पूर्वीपासून आहेच की! साखर कारखान्याचा भोंगा. उसाचा बगॅस, म्हणजे रस काढून उरलेला चोथा, जळतो, बॉयलरमध्ये वाफ धरते, त्यातली थोडी वाफ शिट्टीतून सुटते आणि पंचक्रोशी हलते. पाळीवर जाणारे सायकल काढतात. पाळीवर न जाणारेही उठतात, कारण तोवर चुलीवर पाणी ठेवलेलं असतं. घरात भिंतीवर घड्याळ असायचं, पण त्याचं फारसं कुणी मनावर घ्यायचं नाही. 'अजून भोंगा झाला नाही' म्हटलं की झोपेला पंधरा मिनिटं जादा मिळायची, आणि 'भोंगा होऊन गेला' म्हटलं की तीच पंधरा मिनिटं आईच्या आवाजात परत वसूल व्हायची. गळीत हंगाम संपला की सगळ्या गावाची सकाळ सैल पडायची, ती थेट पुढच्या बॉयलर अग्निप्रदीपनापर्यंत.

गंमत म्हणजे भोंगा सगळीकडे एकाच वेळी वाजतच नाही. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो, म्हणजे तीन किलोमीटरवरच्या मळ्यात सात वाजायला नऊ सेकंद उशीर. आणि सात तरी कुणाचे? भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशाची, म्हणजे मिर्झापूरकडची. सांगलीचा सूर्य तिच्यापेक्षा अर्धा तास मागे चालतो. मुंबईने तर १९०६ साली ही प्रमाणवेळ लागू झाल्यानंतरही कितीतरी वर्षं स्वतःची ३९ मिनिटं मागे असलेली वेळ हट्टाने जपली होती. एवढं सगळं वाकडं असताना एक शिट्टी हजार घरांना एका ओळीत आणते, हे मला उपग्रहातल्या घड्याळापेक्षा भारी वाटतं.

कडेगाव तालुक्यातल्या मोहित्यांचे वडगावने २०२२ साली यात पुढची पायरी गाठली. संध्याकाळी सातला देवळावरचा भोंगा वाजतो, टीव्ही आणि मोबाइल बंद. साडेआठला पुन्हा वाजतो, तेव्हा चालू. मधला दीड तास पोरांच्या अभ्यासाचा, मोठ्यांच्या गप्पांचा. गोधडीत मोबाइल धरून बसणारा एखादा तिथेही असेलच, त्याशिवाय गाव कसलं! पण एरवी रील बघताबघता जो दीड तास कुठे गेला ते कळत नाही, तो तिथे चांगला दीड तासाएवढा लांब होत असणार.

भाच्याला हे सांगितलं, तर म्हणाला, "मामा, पण तुमच्या यंत्रात अभ्यास खरोखर करावा लागतो." मुद्दा बिनतोड होता. मग आमच्या सोसायटीच्या मीटिंगमध्ये असा भोंगा बसवायचा विषय काढला. सगळ्यांना पटला. सेक्रेटरी म्हणाले, आयपीएल संपली की बघू.