त्र्यंबकजवळचं नक्षत्र-गुरुकुल: आकाशासाठी जा, घसाऱ्यावर टॉर्च हातची सोडू नका

अमावास्येच्या रात्री माळावर नेऊन आकाश दाखवणाऱ्या या गुरुकुलाला मी पौषात जाऊन आलो. आधी घसाऱ्याबद्दल, कारण गुरुकुलाच्या पत्रकात त्याचा उल्लेखच नाही. ‘गाडीतळापासून पंधरा मिनिटांची चाल’ असं छापलंय. पंधरा मिनिटं तर भातखाचरांच्या बांधांवरून ओढ्यापर्यंत यायलाच जातात. तिथून खिंडीकडे उभा घसारा चढतो. मुरूम, सुटे दगड, धरायला करवंदीच्या जाळ्या आणि डावीकडे थेट उतार. वर कातळाचा एक टप्पा, मग माळ. नेहमी ट्रेक करणाऱ्यालाही सॅकसकट तास लागतो.

आणि हे सगळं अंधारात. ओढ्यापाशी ‘आकाशमौन’ सुरू झालं म्हणून टॉर्च आणि मोबाइल एका पिशवीत जमा करून घेतात. कारण सांगतात ते अर्धंच खरं आहे. डोळे अंधाराला पुरते सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात आणि पांढऱ्या उजेडाचा एक झोत पडला की सगळं पहिल्यापासून. पण मंद लाल उजेडाने फारसं बिघडत नाही. आकाशनिरीक्षणाला जाणारे सगळे लालच टॉर्च वापरतात. हेडटॉर्चला लाल जिलेटीनचे दोन पदर लावा आणि कोणीही मागितली तरी देऊ नका. चढताना एक वेळ निभावतं. उतरायला लावतात रात्री अडीचला, दंवाने ओल्या झालेल्या मुरमावरून. आमच्यातले दोघे घसरले, एकाचं मनगट तिथल्या तिथे सुजलं. पुढे चालणारा स्वयंसेवक ‘नामस्मरण करत या’ एवढंच सांगत होता. हा निव्वळ बेजबाबदारपणा आहे. त्या वेळी उतरूच नका. स्लीपिंग बॅग नेलेली असतेच, माळावर झोपा आणि उजाडल्यावर खाली या.

आता आकाश. ते मात्र फसवत नाही. पूर्वेला नाशिकच्या सातपूर-अंबड औद्योगिक वसाहतींचा उजेड इतका वर चढतो की उगवतं सिंह नक्षत्र फिकं पडतं, पण दक्षिण आणि पश्चिम काळीभोर. पौष अमावास्येला मृग आणि व्याध डोक्याकडे सरकलेले, आणि खाली दक्षिणेला, जेमतेम सतरा अंशांवर, अगस्तीचा तारा. ध्रुव वीस अंशांवर, म्हणजे हात लांब करून क्षितिजावर दोन मुठी. ध्रुव जितका उंच तितका त्या जागेचा अक्षांश, आणि नाशिकचा अक्षांशही वीसच.

शिकवणारे गुरुजी उत्तम आहेत, हे मोकळेपणाने सांगतो. मिथुनेतला गुरू दाखवून त्यांनी सिंहस्थ, म्हणजे गुरू सिंह राशीत आला की भरणारा नाशिकचा कुंभमेळा, समजावला. गुरूला सूर्याभोवती फिरायला १२ नव्हे, ११.८६ वर्षं लागतात. तो फरक साचत जातो आणि मग एखादा कुंभ अकराव्याच वर्षी येतो. हरिद्वारला २०१० नंतर २०२१ ला भरला तो असाच. आपल्याकडे २००३, २०१५ आणि आता २०२७. नाशिकमध्ये राहून हे मला इतकं नीट कोणी सांगितलं नव्हतं. राहू-केतूही तसेच. चंद्राची कक्षा सूर्याच्या वाटेशी सुमारे पाच अंश कललेली, ती जिथे छेदते ते दोन बिंदू म्हणजे राहू-केतू. ते मागे सरकत १८.६ वर्षांत फेरी पुरी करतात. ग्रहणं त्यांच्याजवळच होतात.

आणि हे सांगून झाल्यावर तासाभरात, शेकोटीपाशी, त्याच दोन बिंदूंची भीती घालायला दुसरे एक महाराज येतात. माझ्या शेजारच्या काकूंना नातवाच्या पत्रिकेत कालसर्प निघाला म्हणून सांगितलं आणि शांतीचे ५,१०० रुपये जागेवर घेतले. काकू रडत होत्या. कालसर्प म्हणजे सगळे ग्रह राहू-केतूच्या एकाच बाजूला असणं. बाकीचे ग्रह तसे जमले की चंद्र जितके दिवस त्या बाजूला, तितक्या दिवसांत जन्मलेली गावंच्या गावं त्यात येतात. ज्या गुरुजींनी दोन बिंदू समजावले ते तेव्हा दहा पावलांवर गप्प बसून होते. याचा राग अजून गेलेला नाही.

पैशांचं एवढं लक्षात ठेवा: नोंदणीचे १,८०० द्यावेच लागतात आणि त्यात जेवण येतं. ‘ग्रहदर्शन’ म्हणून दुर्बिणीचे वेगळे ५०० मागतात, ते देऊ नका. पत्रकात ‘दुर्बिणीसह’ असं लिहिलंय, तो कागद दाखवा, मुकाट्याने रांगेत घेतात. शेकोटीकडे फिरकू नका. जन्मतारीख कोणालाही सांगू नका. सोबत घरातलं वयस्कर माणूस असेल तर त्यांना एकटं सोडू नका.

दुसऱ्या दिवशीचं त्र्यंबक, कुशावर्त, परतताना मिसळ, सगळं छान झालं. जाण्यासाठी नाशिकहून त्र्यंबकची एसटी सोयीची, फाट्यावर उतरून पुढे रिक्षा. रिक्षाचं भाडं बसायच्या आधी ठरवा.

तिथीचं म्हणाल तर माघ अमावास्या टाळा. महाशिवरात्र तिला लागूनच येते आणि त्र्यंबक रस्ता गच्च भरतो. फाल्गुन अमावास्या धरा. मृग तेव्हा लवकर मावळतो, पण मध्यरात्रीनंतर दक्षिणेला नरतुरंग हा तारकासमूह वर येतो आणि त्यातला ओमेगा तारकागुच्छ साध्या द्विनेत्रीतूनही (बायनॉक्युलरमधूनही) कापसासारखा दिसतो. त्यासाठी कोणाच्या रांगेत उभं राहावं लागत नाही.