पिवळ्या पताका

आमच्या टूर कंपनीच्या बुकिंग फॉर्मवर जेवणाचे तीनच रकाने असतात: व्हेज, नॉनव्हेज, जैन. आजींच्या ओळीत ‘जैन’वर खूण होती आणि शेजारी त्यांच्या लेकीने बारीक अक्षरांत लिहिलं होतं, ‘चातुर्मास, कांदा-लसूण नाही. माळकरी आहे.’ मी ते वाचलं, रूमिंग लिस्टवर त्यांच्या नावापुढे ‘जैन मील’ असं टिपलं आणि विमानतळावर हेडकाउंट करायला गेलो. ग्रुप घेऊन बँकॉकला जायची ती माझी बहुधा विसावी वेळ. ऑक्टोबर २०२४, नवरात्र नुकतंच बसलं होतं. चौदा गेस्ट, बहुतेक निवृत्त मंडळी. आजी चौऱ्याहत्तर वर्षांच्या, लेक-जावयाबरोबर आलेल्या. घरच्या घटाची काळजी थोरल्या सुनेवर सोपवून पहिल्यांदाच देशाबाहेर पडल्या होत्या.

५ तारखेला, शनिवारी, तिसऱ्या माळेच्या संध्याकाळी आमचा याओवरातचा फूड वॉक होता. याओवरात म्हणजे बँकॉकचं चायनाटाउन. १७८२ साली पहिल्या रामा राजाने नवी राजधानी वसवली, तेव्हा राजवाड्याच्या जागेवर राहणाऱ्या चिनी व्यापाऱ्यांना तिथून हलवून नदीकाठी संपेंगला जागा दिली. त्या वस्तीतूनच हा भाग वाढला. संध्याकाळ झाली की रस्त्याच्या कडेला शेगड्या पेटतात, डुकराच्या मांसाचं मिरेदार सूप, भाजलेला माखली, शिंपले, बदक यांच्या गाड्या लागतात. मला तिथला प्रत्येक वास पाठ आहे. म्हणूनच दुपारी मी आजींच्या खोलीचं दार वाजवलं आणि सांगितलं, “आजी, आज तुम्ही हॉटेलवरच आराम करा. तिथे सगळा सामिष प्रकार, तुम्हाला वास सोसायचा नाही. मी इंडियन रेस्टॉरंटमधून डाळ-भात पाठवतो, कांदा-लसूण न घातलेला.”

“बरं बाबा,” एवढंच त्या म्हणाल्या. लेक म्हणाली, मग मीही थांबते. मला वाटलं, चला, एक प्रश्न सुटला.

लॉबीत आमची लोकल गाइड वाट पाहत होती. थायलंडमध्ये गाइडचं काम कायद्याने फक्त थाई नागरिकांसाठी राखीव आहे, आमच्यासारख्या टूर मॅनेजरने ग्रुप सांभाळायचा, माहिती द्यायची ती परवाना गळ्यात अडकवलेल्या गाइडने. ही बाई पन्नाशीची, याओवरातच्याच एका गल्लीत वाढलेली, वाडवडील दक्षिण चीनमधून आलेले, तेओच्यू समाजाचे. त्या दिवशी ती नखशिखांत पांढऱ्या कपड्यांत होती. तिने गेस्ट मोजले आणि विचारलं, “बाराच? दोघी कुठे?”

मी सांगितलं की एक आजी शाकाहारी आहेत.

“शाकाहारी म्हणजे काय काय खात नाहीत?”

हा प्रश्न मला आजवर कुणी विचारला नव्हता. मी बोटांवर मोजत सांगू लागलो. मांस नाही, मासे नाहीत, अंडं नाही. कांदा नाही, लसूण नाही. ती प्रत्येक शब्दाला मान डोलवत होती, आणि कांदा-लसणावर तिने माझा हातच धरला. “अरे, मग त्या ‘किन जे’ करतात! अजून आठवडाभर पूर्ण याओवरात त्यांच्यासाठीच मांडलंय. सकाळपासून तुला पिवळे झेंडे दिसले नाहीत?”

दिसले होते. विमानतळावरून येतानासुद्धा दिसले होते. पिवळ्या कापडावर लाल अक्षर, दुकानादुकानावर. मी बहुतेक एप्रिल-मेमध्ये नाहीतर डिसेंबरात बँकॉकला येतो, त्यामुळे हा सण मला कधी सापडला नव्हता, आणि ते झेंडे कुठल्या तरी उत्सवाची सजावट म्हणून मी सोडून दिले होते. ते लाल अक्षर होतं ‘जे’. चिनी पंचांगाच्या नवव्या महिन्याचे पहिले नऊ दिवस थायलंडमधली चिनी वंशाची माणसं आणि त्यांच्या जोडीने असंख्य थाई माणसं ‘जे’ पाळतात. मांस, मासळी, अंडी, दूध बंद, आणि कांदा, लसूण, चिनी पात असल्या उग्र वासाच्या भाज्याही बंद. तंबाखूसुद्धा. पांढरे कपडे घालतात. त्या वर्षी हे नऊ दिवस ३ ऑक्टोबरला सुरू झाले, आपल्याकडे ज्या दिवशी घटस्थापना झाली त्याच दिवशी. दोन्ही पंचांगं चंद्रावर चालतात, त्यामुळे अधिक महिना वेगळा पडला नाही तर आश्विनाचं नवरात्र आणि त्यांचे हे नऊ दिवस असे हातात हात घालून येतात.

थाई भाषेत शाकाहाराला दुसराही शब्द आहे, मंगसविरात, म्हणजे आपलंच ‘मांसविरती’. मी इतकी वर्षं हॉटेलवाल्यांना तोच शब्द सांगत आलो. पण मंगसविरातमध्ये अंडं चालतं, कांदा-लसूण चालतो, आणि गाडीवाल्याने भाजी म्हणून दिलेल्या वाडग्यात नाम प्ला, म्हणजे माशांपासून काढलेला खारट रस, सहज पडतो. आजींना हवा होता तो शब्द ‘जे’. आणि फॉर्मवरचा ‘जैन’ही चुकलाच होता, कारण आजी बटाटा, रताळं, अळकुड्या सगळं खात होत्या.

मी वर गेलो. दार उघडल्यावर आजी हातातली जपमाळ तशीच धरून उभ्या. मी म्हणालो, “आजी, माझी चूक झाली. चला, तुमच्यासारखंच जेवणारं अख्खं शहर खाली वाट बघतंय.” त्या दोन मिनिटांत तयार झाल्या. नऊवारी, पायांत कॅनव्हासचे बूट, गळ्यात तुळशीची माळ.

मेट्रोने वाट मंगकोन स्टेशनला उतरलो. वाट मंगकोन कमलावात हे १८७१ मध्ये स्थापन झालेलं चिनी बौद्ध मंदिर. ‘कमलावात’ म्हणजे कमल-आवास, बोलताना शेवटचा स त झालेला. अंगणात पांढऱ्या कपड्यांची रीघ, उदबत्त्यांचे जुडगे, तेलाचे दिवे. आजी थोडा वेळ बघत राहिल्या आणि म्हणाल्या, “एकादशीची पंढरीच की ही.” मग रांगेत उभ्या राहिल्या, कुणी न सांगता. गाइड त्यांना ‘खुन याय’ म्हणू लागली होती. याय म्हणजे आईची आई.

मंदिरासमोरचा रस्ता ओलांडला की इस्सरानुफाप नावाची अरुंद गल्ली लागते. चेंगराचेंगरीत वाळवलेल्या मशरूमची पोती, लोणची, चहा, शेंगदाण्याची चिक्की. पलीकडे मासळीही होती, सण असला तरी सगळेच पाळत नाहीत. एका भाजीवालीच्या सुपात हिरव्या काड्यांच्या जुड्या दिसल्या आणि आजी थबकल्या. एक पान चुरगळून नाकाशी नेलं. “अगं बाई, ही तर तुळस!”

तुळसच होती. तिथे तिला कप्राव म्हणतात. आणि कप्राव तिकडे कशासाठी घेतात ते मला चांगलं ठाऊक होतं: तापलेल्या कढईत खिमा, मिरच्या, लसूण आणि वरून ओंजळभर कप्राव. शहरातल्या कुठल्याही खानावळीत मिळणारं रोजचं जेवण.

“कशात घालतात रे?”

गाइडने माझ्याकडे पाहिलं, तिला प्रश्न कळला होता. मी म्हणालो, “भाजीत घालतात आजी.” आणि लगेच, “चला, पुढे गर्दी वाढतेय.” आजींनी काही म्हटलं नाही. कमरेच्या पिशवीतून एक नोट काढून भाजीवालीपुढे धरली, दोन जुड्या घेतल्या, भाजीवालीने त्या ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळून दिल्या.

सूर्य सहाच्या सुमारास मावळतो, आणि ग्रुपमधलं सांगलीचं जैन जोडपं त्यानंतर खाणार नव्हतं. त्यांना आम्ही आधी भाजलेले चेस्टनट आणि मक्याचे गरम वडे मिळवून दिले. त्यांच्यासाठी गाइडने आणखी एक काळजी घेतली, जी मला सुचली नसती. ‘जे’ जेवणात कंदमुळं चालतात, म्हणून अळकुडीचे आणि मक्याचे वडे एकाच कढईत तळणारी गाडी तिने सोडली आणि फक्त मका तळणारी शोधली.

याओवरात रस्त्यावर आलो तेव्हा निऑनच्या पाट्या लागल्या होत्या. आणि खरंच, निम्म्याहून जास्त गाड्यांवर पिवळी पताका. हा शब्द आजींचा. “किती पताका लागल्यात बघ,” त्या लेकीला म्हणाल्या. मी इथे सांगतो ते शब्द कदाचित पुढेमागे झाले असतील, पण गाइड कशी वागत होती ते मला बारीकसारीक आठवतं, कारण त्या संध्याकाळी मी गेस्टसारखा तिच्या मागे फिरत होतो. पताका आहे म्हणून ती थांबत नव्हती. आधी कढईकडे बघायची, मग सॉसच्या बाटल्या हातात घेऊन लेबल फिरवायची. कालवांच्या सॉसच्या जागी मशरूमचा आहे ना, बाटलीवर लाल ‘जे’ आहे ना. बर्फाची नळी मधून पोकळ आहे ना, कारण तसा बर्फ कारखान्यातून येतो. एका ठिकाणी एकच प्लेट, सगळ्यांनी दोन-दोन घास. पहिल्याच गाडीवर पोट भरू द्यायचं नाही, हा तिचा नियम.

पिवळ्या, अंड्याशिवायच्या नूडल्स, कोबी आणि मशरूम घालून परतलेल्या. तळलेला टोफू, वर गोड-आंबट चिंचेचं पाणी आणि दाण्याचं कूट. अळकुडीच्या तळलेल्या फोडी, त्या आजींना फारच आवडल्या. पण पहिला घास घेण्याआधी त्यांनी विचारलं, “हे तेल कालपरवा माशाला वापरलेलं नाही ना?”

मी हे विचारायला लाजलो असतो. गाइड मात्र तळणाऱ्या बाईकडे वळली, तिला ‘पा’ म्हणजे मावशी म्हणून हाक मारली आणि तसंच्या तसं विचारलं. त्या मावशीला राग आला नाही. तिने कढई दाखवली, नवी होती. म्हणाली, या नऊ दिवसांची भांडी वेगळी ठेवते, आणि सण लागायच्या आदल्या दिवसापासूनच घरी ‘जे’ सुरू करते, पोट धुऊन निघायला. ‘लांग थोंग’ म्हणतात त्याला. मी मराठीत सांगितलं तेव्हा आजींचा चेहरा फुलला. “आमच्यात दशमीला एकभुक्त राहतात, तसंच हे.” हे मी इंग्रजीत सांगितलं, गाइडने थाईत, आणि त्या मावशीने आजींच्या प्लेटमध्ये दोन फोडी जास्तीच्या टाकल्या.

पुढच्या गाडीवर अडलं. तिथे सोयाबीन आणि गव्हाच्या सत्त्वापासून केलेलं ‘बदक’ होतं, वर भाजलेल्या कातडीसारखा तपकिरी पापुद्रा. आजी मागे सरकल्या. लेक समजावू लागली, आई, नुसता सोयाबीन आहे गं. मीही तेच बोलायला तोंड उघडत होतो. आजी म्हणाल्या, “असेल. पण डोळ्यांना जे दिसतं ते माझ्याच्यानं गिळवणार नाही.” गाइडने अर्थ विचारला, ऐकला, दुकानदाराला हात जोडले आणि आजींचा दंड धरून पुढे निघाली. एक शब्द समजावला नाही. माझ्या कामात मी किती समजावतो, ते मला तिथे उभ्या उभ्या जाणवलं.

मग पाऊस आला. आम्ही एका बंद सोन्याच्या दुकानाच्या छपराखाली अंग चोरून उभे राहिलो. शेजारीच पताका नसलेली एक गाडी होती, माणूस पावसातही काम करत होता. त्याने कढईत खिमा टाकला, लसूण-मिरची टाकली आणि शेवटी मूठभर कप्राव. वाफ थेट आमच्या अंगावर आली. खोकला, ठसका, आणि त्यातून स्वच्छ तुळशीचा वास.

आजींनी हातातल्या पुडक्याकडे पाहिलं, मग कढईकडे.

“ही मघाचीच तुळस ना?”

“हो.”

“तू भाजीत म्हणालास.”

मला काही सुचेना. मी म्हणालो, “तुम्हाला वाईट वाटेल म्हणून, आजी.”

“वाईट वाटायचं ते माझं मला वाटू दे की. सजन कसाई काय विकायचा, माहीत आहे ना? त्याच्या घरी देव राबलाच.” त्या रागावल्या नव्हत्या. पदराने चष्मा पुसत होत्या. “दुपारी हॉटेलात राहा म्हणालास तेव्हा तरी मला विचारायचंस, आजी तुम्हाला यायचंय का म्हणून.”

मी “चुकलो” म्हणालो. गाइडला काय झालं ते कळेना, तिने विचारलं, मी सगळं सांगितलं. ती आजींच्या गळ्यातल्या माळेला हात न लावता नुसतं बोट दाखवून म्हणाली, “मग हे मणीसुद्धा कप्रावचे?” आजींनी माळ बाहेर काढून तिच्या तळहातावर ठेवली. पाऊस थांबेपर्यंत दोघी एकमेकींना काय काय सांगत होत्या, आणि मी मधे उभा राहून एकेक शब्द, काही न गाळता, इकडून तिकडे देत होतो.

शेवटी आल्याच्या गरम पाण्यातल्या काळ्या तिळाच्या गोळ्या खाल्ल्या. हॉटेलवर पोचायला दहा वाजले. दुसऱ्या दिवशी सकाळी मी हेडकाउंटची वही घेऊन आजींच्या मजल्यावर गेलो तेव्हा दार उघडंच होतं. टेबलावर चहाच्या केटलीशेजारी विठ्ठलाची छोटी तसबीर, हॉटेलच्या काचेच्या पेल्यात ती जुडी पाण्यात ठेवलेली. आजी एकेक पान खुडून तसबिरीवर वाहत होत्या.

“आज कुठे नेणार?” त्यांनी मागे न बघता विचारलं.

मी दोन ठिकाणं सांगितली, सिलोमचं मारीअम्मन मंदिर, तिथेही नवरात्र चाललं होतं, आणि पाहुरातचा भारतीय बाजार. आणि विचारलं, “तुम्हाला कुठे जायचंय?”




“देवीला जाऊ,” त्या म्हणाल्या, “पण संध्याकाळी त्या अळकुडीवालीकडे परत.”